चूल, सरपणाची : नियम व सुरक्षितता

लाकूड, काटक्या, पिकांची धसकटे, गोवऱ्या यांसारखे घन जळण जाळून अन्न शिजविण्यासाठी व पाणी तापविण्यासाठी घरात बांधलेली किंवा मांडलेली विस्तवाची जागा म्हणजे चूल. मातीची स्थिर चूल, कोळशाची शेगडी आणि आंघोळीचे पाणी तापविण्याचा तांब्याचा बंब ही या वर्गातील महाराष्ट्रात परिचित असलेली साधने होत. चुलीपासून दोन प्रकारचे धोके संभवतात : एक आगीचा व भाजण्याचा आणि दुसरा धुराचा. पहिला तत्काळ दिसतो व शेजाऱ्यांच्या घरालाही भोवतो. दुसरा वर्षानुवर्षे साचत जातो आणि मुख्यतः चुलीपुढे बसणाऱ्या स्त्रीला व तिच्याजवळच्या लहान मुलाला भोवतो. चुलीविषयीचे नियम प्राचीन आहेत. तथापि ते दीर्घकाळ पहिल्या धोक्यापुरतेच मर्यादित राहिले. विस्तवापासून घर वाचविण्याचा विचार सु. दोन हजार वर्षांचा, तर धुरापासून माणूस वाचविण्याचा विचार जेमतेम पाऊण शतकाचा आहे.

हा इतिहास दौलताबाद (जुने नाव देवगिरी; छत्रपती संभाजीनगर, पूर्वीचा औरंगाबाद जिल्हा) व त्याभोवतीचा मराठवाडा यांच्या संदर्भाने पाहणे उद्‌बोधक ठरते. बंदिस्त जागेतील धूर माणसाला हतबल करतो, हे ज्ञान तेथील किल्ल्याच्या रचनेतच उतरलेले आहे. मात्र किल्ल्याच्या पायथ्याच्या गावांतील स्वयंपाकघरांना त्या ज्ञानाचा फायदा अनेक शतके मिळाला नाही.

पारंपरिक रचना व रूढ नियम : मातीच्या चुलीला तीन बाजूंनी भिंत असते व पुढील तोंडातून जळण आत सारतात. काठावरील तीन उंचवट्यांवर भांडे टेकते. बाजूला वैल जोडलेले असल्यास मुख्य चुलीतील उष्ण वायू त्यात शिरून दुसरे भांडे मंद आचेवर राहते. या रचनेत जळणातील उष्णतेचा सु. दहावा भागच भांड्यापर्यंत पोहोचतो. हवा अपुरी मिळाल्यामुळे जळणाचा काही अंश पूर्णपणे न जळता धूर, काजळी व कार्बन मोनॉक्साइड यांच्या रूपाने बाहेर पडतो.

मराठवाड्यातील धाब्याची किंवा माळवदाची घरे जाड भिंतींची व सपाट मातीच्या छपराची असत. ती उन्हाळ्यात थंड राहत. पण त्यांना खिडक्या थोड्या व लहान असत. छपरात उजेडासाठी ठेवलेले भोक, म्हणजे साने, हाच धुराचाही मार्ग असे. पावसात ते झाकावे लागे; त्यामुळे सरपण ओले असण्याच्या दिवसांतच धूर घरात अधिक कोंडत असे. जळणासाठी बाभळीच्या फांद्यांबरोबरच कापसाच्या पऱ्हाट्या, तुरीच्या तुराट्या, ज्वारीची धसकटे आणि गोवऱ्या वापरीत. तुराट्या व पऱ्हाट्या भडकन पेटतात व लवकर विझतात. त्यामुळे स्वयंपाक करणाऱ्या स्त्रीला चुलीपुढून फारसे हलता येत नसे. धुराने छपराच्या लाकडाला कीड लागत नाही आणि आढ्याला टांगलेली बियाण्याची कणसे टिकतात, असा अनुभव होता. धूर सहन केला जाण्याचे तेही एक कारण होते.

रूढीने घालून दिलेले नियम प्रामुख्याने विस्तवाचे होते. चूल दररोज सारवणे, सरपण चुलीपासून दूर रचणे, रात्री निखारे राखेखाली झाकणे, शेजारून विस्तव आणताना तो झाकून आणणे आणि कडब्याची गंज घरापासून लांब रचणे, हे शिक्षण मुलींना व सुनांना घरातच मिळे. वास्तुविद्येत स्वयंपाकघरासाठी आग्नेय दिशा सांगितली आहे. वारे पश्चिमेकडून वाहत असताना या दिशेच्या चुलीचा धूर व ठिणग्या घराच्या बाहेरच्या बाजूस जातात, हा त्या संकेताचा व्यावहारिक लाभ होय.

प्राचीन व मध्ययुगीन नियम : घरगुती विस्तवाविषयीचे तपशीलवार भारतीय नियम कौटिलीय अर्थशास्त्रात आढळतात. नागरकाच्या कर्तव्यांत उन्हाळ्यातील अग्निप्रतिबंध हे एक स्वतंत्र कर्तव्य सांगितले आहे. दिवसाच्या मधल्या दोन भागांत विस्तव पेटविल्यास दंड होई. त्या वेळी अन्न शिजवावयाचे झाल्यास ते घराबाहेर शिजवावे, असा पर्याय दिलेला आहे. प्रत्येक घरी पाण्याचे घडे, शिडी, कुऱ्हाड, सूप, आकडी इ. साधने तयार ठेवावयाची असत आणि रस्त्यांवर पाण्याने भरलेल्या भांड्यांच्या रांगा मांडावयाच्या असत. जळत्या घराकडे मदतीस न धावणाऱ्या घरमालकास बारा पण व भाडेकऱ्यास सहा पण दंड होता. निष्काळजीपणे आग लावणाऱ्यास चोपन्न पण दंड सांगितला आहे. लोकवस्तीच्या सुरक्षिततेचा इतका बारकाईने विचार करणाऱ्या या नियमांत धुराने स्वयंपाक करणाऱ्या व्यक्तीला होणाऱ्या अपायाचा विचार नाही.

इतरत्रही हाच क्रम दिसतो. लंडनमध्ये १६६६ साली एका भटारखान्यातून लागलेल्या आगीत शहराचा मोठा भाग जळाला. त्यानंतर १६६७ च्या कायद्याने घरे विटांची किंवा दगडाची बांधण्याचे बंधन आले. धुरासंबंधीचा व्यापक कायदा मात्र तेथे १९५२ च्या डिसेंबरमधील प्राणघातक धूरधुक्यानंतर, म्हणजे १९५६ साली झाला. भारतीय दंड संहितेच्या (१८६०) कलम २८५ नुसार विस्तव किंवा ज्वालाग्राही पदार्थ याबाबत दुसऱ्याच्या जीविताला धोका पोहोचेल असे निष्काळजी वर्तन करणे हा अपराध होता. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत हीच तरतूद कलम २८७ मध्ये आहे. या तरतुदीचा रोखही आगीच्या धोक्याकडे आहे. रोजच्या धुराचा प्रश्न तिच्या कक्षेबाहेर राहतो.

दौलताबादचा किल्ला व धुराचे ज्ञान : यादवांची राजधानी असलेले देवगिरी १२९६ मध्ये अलाउद्दीन खल्‌जीच्या स्वारीला बळी पडले. १३२७ च्या सुमारास मुहम्मद तुघलकाने येथे राजधानी हलविली व गावाला दौलताबाद हे नाव मिळाले. पुढे निजामशाहीकडून १६३३ मध्ये हा किल्ला मोगलांनी घेतला. तासलेल्या कड्याच्या व खंदकाच्या पलीकडे बालेकिल्ल्यावर जाण्याचा मार्ग अंधारी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वळणावळणाच्या भुयारातून जातो. भुयाराच्या वरच्या तोंडाशी लोखंडी झडप होती व तेथे विस्तव पेटविण्याची सोय होती. त्या आगीला वारा मिळावा म्हणून खडकात झरोका कोरलेला असल्याचे वर्णनही आढळते. उष्णता व धूर यांनी वाट अडवून भुयारात शिरलेल्या शत्रूला थोपवावयाचे, असा या योजनेचा हेतू सांगितला जातो.

या योजनेत तीन तत्त्वे गृहीत धरलेली आहेत : हवेच्या झोताने आग भडकते, उष्ण वायूला वाट दिल्यास तो त्या वाटेने जातो आणि वाट बंद केल्यास तो जागेत कोंडून माणसाला घातक ठरतो. धुराड्याच्या चुलीचा पायाही याच तत्त्वांवर उभा आहे. ही तत्त्वे घरगुती वापरातही अगदीच अपरिचित नव्हती. बंबाच्या मध्यातून जाणारी नळी जळणाला ओढ देते व धूर वर नेते; त्यामुळे पाणी लवकर तापते. तथापि ही नळी पाणी तापविण्याच्या भांड्यात राहिली. दिवसातून दोनदा पेटणाऱ्या स्वयंपाकाच्या चुलीला ती जोडली गेली नाही.

धुराविषयीचे वैद्यकीय ज्ञान : चुलीच्या धुराकडे रोगाचे कारण म्हणून पाहण्यास विसाव्या शतकाच्या मध्यावर सुरुवात झाली. दिल्ली येथील हृद्‌रोगतज्ञ शि. पद्मावती व त्यांचे सहकारी यांनी १९५९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, फुप्फुसाच्या जुनाट विकारामुळे हृदयाची उजवी बाजू निकामी होण्याचा रोग धूम्रपान न करणाऱ्या स्त्रियांतही मोठ्या प्रमाणावर आढळतो, हे दाखवून दिले. त्याचा संबंध त्यांनी स्वयंपाकघरातील धुराशी जोडला. १९८१ मध्ये कर्क स्मिथ आणि भारतीय संशोधक यांनी गुजरातमधील चार खेड्यांत स्वयंपाक करणाऱ्या स्त्रियांच्या अंगावर नमुने घेणारी उपकरणे बसवून मोजमाप केले. स्वयंपाकाच्या वेळी त्या श्वासावाटे घेत असलेल्या दर घन मीटर हवेत सरासरी सु. ७ मिलिग्रॅम कण आढळले. १९८३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासाने घरातील धुराचा प्रश्न जागतिक चर्चेत आणला.

जळणाच्या धुरातील २.५ मायक्रॉनपेक्षा लहान कण फुप्फुसाच्या टोकापर्यंत पोहोचतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२१ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार अशा कणांचे प्रमाण दर घन मीटर हवेत वर्षाच्या सरासरीने ५ मायक्रोग्रॅम व चोवीस तासांच्या सरासरीने १५ मायक्रोग्रॅम यांहून अधिक नसावे. लहान मुलांतील न्यूमोनिया, दीर्घकालीन श्वसनरोग, हृद्‌रोग, पक्षाघात, मोतीबिंदू व फुप्फुसाचा कर्करोग यांच्याशी घरगुती धुराचा संबंध दिसून आला आहे. संघटनेच्या अंदाजानुसार २०२० मध्ये घरगुती वायुप्रदूषणामुळे जगात सु. ३२ लाख मृत्यू झाले. भारतात २००९ मध्ये जाहीर झालेली हवेच्या गुणवत्तेची राष्ट्रीय मानके ही घराबाहेरील हवेची मानके आहेत.

धूरविरहित चुली : धूर घराबाहेर नेणारी चूल तयार करण्याचा एक आरंभीचा संघटित प्रयत्न महाराष्ट्रात झाला. वर्धा येथील मगनवाडीत अखिल भारत ग्रामोद्योग संघाने विसाव्या शतकाच्या चाळिशीत मगनचूल तयार केली. संघाचे कार्य जे. सी. कुमारप्पा यांच्या मार्गदर्शनाखाली चालत असे. त्यानंतर हैदराबाद येथील अभियांत्रिकी संशोधन प्रयोगशाळेचे एस. पी. राजू यांनी धुराड्याची, अनेक भांड्यांची चूल विकसित केली व १९५३ मध्ये तिच्यावर पुस्तिका प्रसिद्ध केली. दौलताबाद व संपूर्ण मराठवाडा १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यातच होता. म्हणजे ज्या राज्याच्या ताब्यात अंधारीचा किल्ला होता, त्याच राज्याच्या राजधानीत धूर घराबाहेर काढण्याची ही योजना आकाराला आली.

राजू यांच्या चुलीत जळणाची जागा बंदिस्त असून तिच्यापासून निघणाऱ्या मार्गावर ओळीने भांड्यांची भोके व शेवटी धुराडे असे. भांडी भोकांत घट्ट बसल्यास धूर बाहेर पडत नसे. प्रत्यक्षात घरोघरची भांडी वेगवेगळ्या मापांची असल्याने फटी राहत. जाड लाकडासाठी आखलेल्या तोंडात तुराट्या व गोवऱ्या नीट जळत नसत. धुराडे काजळीने भरे व छपरातून ते काढलेल्या जागी पावसाळ्यात गळती होई.

केंद्र शासनाने १९८३ च्या अखेरीस प्रायोगिक स्वरूपात सुरू केलेला राष्ट्रीय सुधारित चूल कार्यक्रम पुढे देशभर राबविण्यात आला. २००२ मध्ये केंद्रीय कार्यक्रम म्हणून तो बंद होईपर्यंत सु. साडेतीन कोटी चुली बसविण्यात आल्या होत्या. महाराष्ट्रात पुण्याच्या ॲप्रोप्रिएट रूरल टेक्नॉलॉजी इन्स्टिट्यूट (आरती) या १९९६ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेने चुलींच्या नमुन्यांवर काम केले. धुराड्याची दोन भांड्यांची लक्ष्मी चूल ही त्यांपैकी एक होय. या कार्यक्रमात बसविलेल्या चुलींची संख्या हेच यशाचे माप मानले गेले. चूल बसविल्यानंतर धुराडे कोणी व कसे साफ करावयाचे, फुटलेला भाग कोठून आणावयाचा आणि स्थानिक जळणाला ती जुळते किंवा नाही, यांकडे पुरेसे लक्ष दिले गेले नाही. परिणामी अनेक घरांत नवी चूल मोडून पुन्हा जुनी मांडली गेली. या अनुभवावरून नियमपालनाची जबाबदारी केवळ वापरणाऱ्या स्त्रीवर टाकून भागत नाही, हे स्पष्ट होते.

मानके : हलविता येणाऱ्या घन जैव जळणाच्या चुलीसाठी भारतीय मानक १३१५२ (भाग १) हे १९९१ मध्ये तयार झाले व २०१३ मध्ये सुधारण्यात आले. सुधारित मानकानुसार नैसर्गिक ओढीच्या चुलीची औष्णिक कार्यक्षमता किमान २५ टक्के व पंख्याच्या चुलीची किमान ३५ टक्के असावी लागते. भांड्याला मिळालेल्या उष्णतेच्या दर मेगाजूलमागे कार्बन मोनॉक्साइड ५ ग्रॅमपेक्षा अधिक नसावा. कणांची मर्यादा नैसर्गिक ओढीच्या चुलीस ३५० मिलिग्रॅम व पंख्याच्या चुलीस १५० मिलिग्रॅम इतकी आहे. हे मानक विकत मिळणाऱ्या चुलीचे आहे. घरी मातीने बांधलेल्या चुलीला ते लागू होत नाही.

सुरक्षिततेचे नियम : घरगुती चुलीच्या वापरात पुढील गोष्टी पाळणे आवश्यक असते.

(१) जागा : चूल शक्यतो ओसरीत किंवा परसात, पण वाऱ्याचा सरळ झोत लागणार नाही अशी असावी. घरात असल्यास समोरासमोर दोन वाटा असाव्यात व त्यांपैकी एक छपरालगत असावी. गवत, लाकूड, कापड, पाचट यांपासून किमान ९० सेंमी. अंतर ठेवावे. ऊसतोड कामगारांच्या कोपीसारख्या सहज पेटणाऱ्या निवाऱ्यात चूल आत मांडू नये.

(२) जळण : ताज्या तोडलेल्या लाकडाच्या वजनाचा जवळजवळ निम्मा भाग पाण्याचा असू शकतो. त्यातील पाण्याची वाफ करण्यातच उष्णता खर्ची पडते व धूर वाढतो. सरपण फोडून, वाळवून व पावसाळ्यापूर्वी आडोशाला रचून ठेवावे. प्लॅस्टिक, रबर, रंग दिलेले किंवा औषध लावलेले लाकूड जाळू नये. चूल पेटविण्यासाठी रॉकेल ओतू नये. निखाऱ्यांवर तर मुळीच ओतू नये.

(३) हवा : चुलीचे तोंड जळणाने भरून टाकू नये व साचलेली राख काढावी. थोडे जळण वरचेवर सारल्यास ज्योत स्वच्छ राहते.

(४) धुराडे : ते शक्य तितके सरळ असावे. अमेरिकेतील रूढ नियमानुसार धुराड्याचे टोक छपरातून बाहेर पडते त्या जागेपासून किमान तीन फूट (सु. ९० सेंमी.) वर आणि दहा फुटांच्या आतील कोणत्याही भागापेक्षा दोन फूट (सु. ६० सेंमी.) उंच असावे लागते, अन्यथा वारा धूर उलट आत लोटतो. ओले लाकूड जाळल्याने नळीत साचणारा डांबरासारखा थर पेटू शकतो, म्हणून ती नियमाने साफ करावी. गवती छपरातून पत्र्याची नळी काढताना तिच्याभोवती न जळणारा पुरेसा रुंद भाग ठेवावा.

(५) कार्बन मोनॉक्साइड : या वायूला रंग किंवा वास नसतो. तो रक्तातील हीमोग्लोबिनाशी ऑक्सिजनच्या दोनशेहून अधिक पटींनी दृढपणे संयोग पावतो. निखारे लाल असून धूर दिसत नसला, तरी हा वायू निर्माण होत असतो. बाळंतिणीला वारा लागू नये म्हणून दारे-खिडक्या लावून खाटेखाली शेगडी ठेवण्याची चाल महाराष्ट्रात रूढ होती व काही ठिकाणी अद्याप आहे. आई व अर्भक दोघांच्याही जीविताला तिच्यापासून धोका आहे. बंद खोलीत किंवा न्हाणीत शेगडी वा पेटता बंब ठेवून कोणीही थांबू अथवा झोपू नये. डोके दुखणे, मळमळणे, गुंगी येणे ही लक्षणे दिसताच मोकळ्या हवेत जावे व वैद्यकीय मदत घ्यावी.

(६) वस्त्रे व मुले : पदर खोचून घ्यावा. कृत्रिम धाग्यांचे कापड वितळून त्वचेला चिकटते; सुती कापड त्या मानाने बरे, तरी तेही पेटते. जमिनीवरील चुलीभोवती रांगत्या मुलाला जाता येणार नाही असा आडोसा करावा. जवळ पाणी व माती ठेवावी. कढईतील तेल पेटल्यास त्यावर पाणी न टाकता झाकण ठेवावे.

(७) राख : राखेखालील निखारे कित्येक तास धगधगत राहतात. राख धातूच्या झाकणाच्या भांड्यात ठेवून पूर्ण थंड झाल्यावरच उकिरड्यावर टाकावी.

(८) भाजल्यास : भाजलेला भाग सु. वीस मिनिटे वाहत्या साध्या पाण्याखाली धरावा व अंगठ्या, बांगड्या काढाव्यात. तूप, शाई, दंतमंजन इ. काहीही लावू नये.

सद्यःस्थिती : १ मे २०१६ रोजी सुरू झालेल्या प्रधानमंत्री उज्ज्वला योजनेने गरीब कुटुंबांतील स्त्रियांच्या नावे स्वयंपाकाच्या गॅसच्या जोडण्या दिल्या. तिच्या आठ कोटी जोडण्यांच्या उद्दिष्टातील अखेरची जोडणी ७ सप्टेंबर २०१९ रोजी औरंगाबाद येथील समारंभात देण्यात आली. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार स्वयंपाकासाठी स्वच्छ इंधन वापरणाऱ्या कुटुंबांचे प्रमाण महाराष्ट्रात २०१५-१६ मधील ५९.९ टक्क्यांवरून २०१९-२१ मध्ये ७९.७ टक्क्यांवर गेले. याच काळात देशातील प्रमाण ४३.८ वरून ५८.६ टक्क्यांवर आले. या आकड्यांत कुटुंबाचे मुख्य इंधन मोजले जाते. गॅस असलेल्या घरांतही आंघोळीचे पाणी, भाकरी, जनावरांचे आंबोण यांसाठी चूल पेटते. भरलेल्या टाकीची किंमत परवडेनाशी झाली किंवा शेतात तुराट्या फुकट मिळत असल्या, की तिचा वापर वाढतो.

म्हणून चुलीच्या सुरक्षिततेचा प्रश्न गॅस आल्याने संपलेला नाही. आगीविषयीचे नियम समाजाच्या अंगवळणी पडले आहेत. कारण ते मोडल्याचे परिणाम सर्वांना दिसतात. धुराविषयीचे नियम अद्याप तसे रुजलेले नाहीत. कोरडे जळण, धुराला बाहेर जाण्याची वाट व निखाऱ्यांच्या खोलीतील उघडी खिडकी या तीन गोष्टींना फारसा खर्च येत नाही. पण घर बांधताना व सरपण साठविताना त्यांचा विचार संपूर्ण कुटुंबाने करावा लागतो. घर बांधण्याचे निर्णय सामान्यतः पुरुष घेतात व चुलीपुढे स्त्रिया बसतात, हे लक्षात घेतल्यास हे नियम इतक्या उशिरा का सुचले, याचेही बऱ्याच अंशी स्पष्टीकरण मिळते.